कुतचा वेढा आणि शिपायाचा शिधा

बेळगावच्या दक्षिणेला, खानापूरकडे जाणाऱ्या रस्त्यावर उद्यमबाग ही औद्योगिक वसाहत आहे. ओतकाम, मशिनिंग, हायड्रॉलिक यंत्रांचे सुटे भाग ही तिची ओळख. अनगोळ, मजगाव, पिरनवाडी, मच्छे आणि पुढे खानापूर तालुक्यातली गावं इथल्या पाळ्यांना माणसं पुरवतात. हाच टापू, निपाणी आणि चंदगडच्या बाजूसह, पिढ्यान् पिढ्या पलटणीलाही माणसं पुरवत आला आहे. शहराच्या कॅम्पात मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र आहे हे इथल्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. ते केंद्र १९२२ साली आलं, आणि बेळगावचं लष्करी नातं तिथूनच सुरू झालं असं बहुतेकजण धरून चालतात. प्रत्यक्षात त्याच्या आधीच, पहिलं महायुद्ध पेटलं तेव्हा, हिंदी लष्कराच्या सहाव्या पुणे डिव्हिजनमधल्या तीन पायदळ ब्रिगेडींपैकी एक, अठरावी, बेळगावच्या नावाची होती. ही डिव्हिजन १९१४ च्या नोव्हेंबरात इराणच्या आखातात उतरली, आणि दीड वर्षानं मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, टायग्रिसच्या काठी कुत-अल-अमारा इथं १४७ दिवसांच्या वेढ्यानंतर तिच्यातलं जे काही उरलं होतं ते तुर्कांच्या हाती गेलं. त्या वेढ्यात १०३ वी, ११० वी आणि ११७ वी अशा तीन मराठा पलटणी होत्या. शिवाय खडकीच्या बॉम्बे सॅपर्सच्या तुकड्याही होत्या.

या वेढ्यावर इंग्रजीत पुष्कळ लिहिलं गेलं आहे आणि त्यातल्या बहुतेक लिखाणात एक वाक्य कुठंतरी येतंच: हिंदी शिपायांनी घोड्याचं मांस खायला नकार दिला, त्यामुळे ते लवकर खंगले आणि वेढा लांबवता आला नाही. सेनापती चार्ल्स टाउनशेंड यानं १९२० साली आपली बाजू मांडणारं जे पुस्तक लिहिलं त्यात या नकाराबद्दलचा वैताग लपलेला नाही. वाचणाऱ्याच्या मनावर ठसा उमटतो तो असा, की तोफा, नदी आणि तुर्क यांच्या जोडीला शिपायाचा सोवळेपणा हाही एक शत्रू होता. हा ठसा पुराव्याला धरून नाही, असं मला वाटतं. शिपायानं नकार दिला हे खरंच आहे आणि त्याची किंमत त्यानं स्वतःच्या शरीरानं मोजली हेही खरं आहे. पण त्या नकारामागे जी व्यवस्था उभी होती ती लष्करानंच रचलेली होती. शिपायाचं पोट ही त्याची खासगी बाब आहे, असं धरून चालण्यात लष्कराची सोय होती आणि पैशांची बचतही. कुतमध्ये त्या सोयीचं बिल आलं.

घटनाक्रम थोडक्यात असा. बसरा १९१४ च्या नोव्हेंबरातच हाती आलं, पुढच्या वर्षी अमारा आणि कुत मिळालं, आणि यशाची चटक लागून सरसेनापती निक्सननं बगदादकडे बोट दाखवलं. टाउनशेंड मनातून तयार नव्हता, पण निघाला. २२ नोव्हेंबर १९१५ रोजी सलमान पाकजवळ, म्हणजे प्राचीन टेसिफॉनच्या कमानीच्या छायेत, त्याची साडेचार हजारांवर माणसं मेली किंवा जखमी झाली. माघार घेत ३ डिसेंबरला फौज कुतला परत आली आणि तिथंच थांबली. ७ डिसेंबरला तुर्कांनी फास आवळला. सोडवायला निघालेल्या फौजेनं जानेवारीपासून एप्रिलपर्यंत शेख साद, वादी, हन्ना, दुजैला, सन्नैयात अशी एकामागून एक डोकेफोड केली. कुतमध्ये जितकी माणसं अडकली होती त्याच्या पावणेदोनपट, म्हणजे सुमारे २३,००० माणसं, या प्रयत्नांत मेली किंवा जखमी झाली. २४ एप्रिलच्या रात्री ‘जुलनार’ ही आगबोट २७० टन धान्य घेऊन नदीतून घुसायला निघाली आणि वाटेतच अडकली. ऑब्री हर्बर्ट आणि टी. ई. लॉरेन्स यांच्यामार्फत तुर्कांना आधी दहा लाख, मग वीस लाख पौंड देऊ करून पाहिले, तेही फसलं. २९ एप्रिल १९१६ ला तोफा फोडून कुतनं शरणागती दिली.

वाळवंटातला वेढा म्हटलं की डोळ्यांसमोर वाळू आणि तहान येते. कुतमध्ये पाण्याची ददात नव्हती, उलट पाणीच छळत होतं. नदीच्या वळणात तिन्ही बाजूंनी वेढलेलं हे मातीच्या घरांचं गाव, भोवती क्षितिजापर्यंत सपाट गाळाची जमीन, झाडाचा पत्ता नाही. उन्हात मृगजळ आणि पावसात गुडघाभर चिखल. डोंगरावरचं बर्फ वितळू लागलं की टायग्रिस फुगते आणि खंदक भरून जातात. नदीपलीकडे लोकर दाबण्याच्या कारखान्यालगत एक छोटी वस्ती होती. ती राखायला दिली होती ११० वी मराठा आणि १२० वी पायदळ या पलटणींना, म्हणजे बेळगाव ब्रिगेडच्याच दोन पलटणींना. मुख्य गावापासून नदीनं तोडलेली ही वस्ती पुरात बेटासारखी झाली, तरी शेवटपर्यंत पडली नाही. ईशान्येच्या टोकाला मातीचा एक किल्ला होता. तिथं नाताळच्या आदल्या दिवशी तुर्कांनी भिंतीला भगदाड पाडून आत उडी घेतली तेव्हा १०३ वी मराठा आणि ऑक्सफर्डशायरची गोरी पलटण यांनी संगिनींनी आणि हातबॉम्बनी त्यांना बाहेर ढकललं. त्यानंतर तुर्कांनी मोठा हल्ला केलाच नाही. हल्ल्याची गरज त्यांना राहिली नव्हती. आत धान्य संपायची वाट पाहणं पुरेसं होतं.

म्हणून कुतचा निकाल कोठीच्या हिशेबात लागला, आणि तो हिशेब ठेवणं शिपायाचं काम नव्हतं. वेढा पडला तेव्हा टाउनशेंडनं खाली बसऱ्याकडे कळवलं की गोऱ्या सैनिकांना महिनाभर आणि हिंदी सैनिकांना सुमारे दोन महिने पुरेल इतका शिधा आहे. हा आकडा पूर्ण शिध्याचा होता आणि गावात अरब व्यापाऱ्यांनी काय साठवलं आहे याची झडती न घेता दिलेला होता. जानेवारीच्या अखेरीस घरोघर शोध घेतल्यावर जव आणि गहू निघाले, आणि मग कळवण्यात आलं की हात आखडता घेतला, जनावरं धरली, तर आणखी ८४ दिवस निभतील. मधल्या दीड महिन्यात काय झालं? आतले लोक पूर्ण शिधा खात राहिले, कारण सुटका दाराशी आली आहे अशी समजूत होती. आणि बाहेरची फौज, आतले लोक उपाशी मरतील या धास्तीनं, तोफा आणि इस्पितळाच्या नावा येण्याआधीच, तुकड्यातुकड्यांनी तुर्की खंदकांवर धावून गेली. हन्नाच्या चिखलात २१ जानेवारीला जी माणसं पडली ती या चुकीच्या आकड्याच्या हिशेबात धरायला हवीत. घोड्याच्या मांसाचा प्रश्न शिपायापुढे आला तेव्हा वेढ्याचं सगळ्यात मोठं नुकसान होऊन गेलेलं होतं.

आता जनावरांकडे येऊ. घोडदळ ब्रिगेड वेढा पडण्याच्या आदल्या दिवशी बाहेर काढली गेली, हे शहाणपणाचं झालं. तरी तोफांची आणि सामानाची मिळून सुमारे ३,००० जनावरं आत राहिली. घोडा आणि खेचर जवच खातात, आणि शेवटी माणसालाही जवच खायचा होता. टाउनशेंडच्या बाजूनं करता येण्यासारखा सगळ्यात सबळ युक्तिवाद असा आहे: शिपायांनी मांस घेतलं असतं तर जनावरं आधी कापली गेली असती, त्यांच्या तोंडचा जव वाचला असता आणि माणसांवर खर्च होणारं पीठही कमी लागलं असतं. यातला दुसरा भाग बरोबर आहे. पहिल्या भागात मात्र एक उडी आहे. जव वाचवण्यासाठी जनावर मारायचं तर ते कुणी खाल्लंच पाहिजे अशी अट नाही. डिसेंबरातच निम्मी जनावरं गोळी घालून नदीत सोडली असती तर हजारो मण धान्य माणसांसाठी उरलं असतं. तसं झालं नाही, कारण सुटका होताच पाठलागाला तोफा ओढायला घोडे लागतील असा सेनापतीचा अंदाज होता. युद्धात अंदाज चुकतात, त्यासाठी टाउनशेंडला फासावर चढवण्याचं कारण नाही. पण जनावरं जगवण्याचा निर्णय त्याचा, आणि खापर शिपायाच्या जिभेवर, हे जमत नाही.

शिपायानं नकार का दिला? ‘धर्म’ असं एका शब्दात उत्तर दिलं की प्रश्न मिटल्यासारखा वाटतो, पण मिटत नाही. मराठा शिपाई शाकाहारी नव्हता. मटण, कोंबडी, कोकणातला असेल तर मासळी, रानडुकराची शिकार, हे त्याच्या घरचं खाणं होतं. घोडा त्यात बसत नव्हता. खंडेनवमीला ज्या घोड्याला हळदकुंकू लावायचं आणि ज्यावर खंडोबा बसतो, तो ताटात घेण्याची कल्पनाच त्याला किळसवाणी वाटली असेल. पण किळस भुकेपुढे फार टिकत नाही. टिकली ती भीती, आणि ती देवाची कमी, गावाची जास्त होती. त्या काळच्या इंग्रज अधिकाऱ्यांच्या लिखाणातूनही हेच पुढे येतं: शिपाई म्हणत होते की परत गेल्यावर गाव आम्हाला थारा देणार नाही, आमच्या मुली कुणी करून घेणार नाही. ही भीती पोकळ होती का? १९१५ चा बेळगाव, कोल्हापूर, सातारा, रत्नागिरीचा मुलूख डोळ्यांसमोर आणावा. वाळीत टाकणं ही तिथली चालती शिक्षा होती. सोयरीक तुटणं म्हणजे घराण्याची पत जाणं. त्यात वेदोक्ताचं प्रकरण ताजं होतं. कोल्हापूरच्या शाहू छत्रपतींच्याच घरी पुरोहितानं वेदमंत्र म्हणायला नकार दिल्यापासून मराठ्यांचं क्षत्रियत्व हा या भागात पेटता वाद झालेला होता. खुद्द छत्रपतींच्या शुद्धतेवर बोट ठेवलं जाणाऱ्या दिवसांत चार एकर कोरडवाहू जमिनीच्या कुणब्यानं आपल्यावर आणखी एक बोट उठू नये अशी काळजी घेतली, तर त्याला भोळसट म्हणता येत नाही. आणि खाण्यावरून माणसाची जागा कशी कायमची ठरते हे तो रोज पाहत होता. मेलेल्या जनावराचं मांस खातात असं सांगून ज्या समाजाला गावाबाहेर ठेवलं होतं, तो महारवाडा त्याच्याच गावाच्या वेशीबाहेर होता. ती शिक्षा अन्यायाची होती, आणि ती चालवणाऱ्यांत त्याचं स्वतःचं घरही होतं. त्यामुळे तिची धार किती आहे याबद्दल त्याच्या मनात शंका नव्हती.

इथं कुणी विचारेल, हजारो मैलांवर नदीच्या चिखलात काय खाल्लं हे गावाला कळणार कसं? उत्तर पलटणीच्या घडणीतच आहे. हिंदी लष्करात भरती जातवार आणि टापूवार होई. मराठा पलटणीत देशावरच्या आणि कोकणातल्या मराठ्यांच्या कंपन्या वेगळ्या, दख्खनी मुसलमानांची वेगळी. एका खंदकात शेजारी बसलेला माणूस पुष्कळदा त्याच तालुक्यातला, कधी त्याच भावकीतला. सुभेदार हा गावातही मानाचा माणूस असे. या रचनेमुळे पलटण अभेद्य होते, शेजारच्याच्या नजरेसमोर पळ काढायला माणूस धजत नाही, असं लष्कराचं गणित होतं, आणि किल्ल्याच्या भगदाडात ते खरं ठरलं. पण ज्या नजरेमुळे तो पळाला नाही त्याच नजरेपुढे तो घोडा खाऊ शकत नव्हता. गाव मागे राहिलंच नव्हतं, त्याला लष्करानं गणवेश चढवून बरोबर आणलं होतं. या नजरेचा फायदा घ्यायचा आणि तोटा दिसला की शिपायाला हेकट म्हणायचं, हा दुटप्पीपणा झाला.

टाउनशेंडनं काय केलं? त्यानं बिनतारी यंत्रावरून हिंदुस्थानातल्या हिंदू आणि मुस्लिम धर्मगुरूंची संमती मागवली. ती आली, फौजेला वाचून दाखवली गेली, तरी फारसा फरक पडला नाही. शिपायांच्या हेकटपणाचा पुरावा म्हणून हीच गोष्ट सांगितली जाते. माझ्या मते तिचा अर्थ उलटा आहे. संमती म्हणजे काय? ‘तुला खायचं तर खा, दोष नाही.’ म्हणजे निर्णय पुन्हा खाणाऱ्याच्या माथी. उद्या गावच्या पारावर पाचजण विचारतील तेव्हा दूरच्या कुण्या शास्त्र्याची किंवा मौलवीची तार त्याच्या कामाची नव्हती. बाकीच्यांनी खाल्लं नाही, मग तूच का खाल्लंस, हा प्रश्न तसाच उरत होता. त्याला हवा होता तो हुकूम. हुकमानं केलेल्या गोष्टीचा जाब माणूस देत नाही, सरकार देतं, आणि सगळ्यांनी एकदम केलेल्या गोष्टीसाठी कुणा एकाला वाळीत टाकता येत नाही. एप्रिलच्या मध्याला टाउनशेंडनं अखेर सूर बदलला. मांस न खाऊन जे अशक्त होतील अशा हिंदी हुद्देदारांच्या जागी दुसरे नेमावे लागतील असं त्यानं बजावलं. सुभेदार-हवालदारांच्या हुद्द्यावर गदा येताच गाडं हललं. काही दिवसांत हजारो शिपाई मांस घेऊ लागले. जे दोन महिन्यांत झालं नव्हतं ते आठवड्याच्या आत झालं.

यावर दोन आक्षेप घेता येतात आणि दोन्ही वजनदार आहेत. पहिला असा, की शिपाई हुकमामुळे वळले नाहीत, भुकेमुळे वळले. त्या वेळेपर्यंत पिठाचा वाटा इतका घटला होता की काहीही खाल्लं असतं. भुकेचा वाटा मी नाकारत नाही. पण भूक रोज थोडी थोडी वाढते. ती कारण असती तर खाणारेही फेब्रुवारीपासून रोज थोडे थोडे वाढले असते. इथं बदल एकदम आणि कळपानं झाला, पलटणीच्या पलटणी वळल्या. असा बदल पोटातून येत नाही, वरून येतो. दुसरा आक्षेप असा, की १८५७ च्या काडतुसांची आठवण ज्या लष्कराच्या हाडीमाशी खिळली होती त्यानं शिपायाच्या तोंडात काही सक्तीनं घालण्याचं धाडस करावं कसं? ही अडचण खरी आहे, आणि मोठ्या संख्येनं हिंदी असलेल्या, शत्रूनं वेढलेल्या फौजेत तर ती फारच खरी. मात्र एप्रिलमध्ये बंड झालं नाही. बंडाची भीती हुकमाला उशीर होण्याचं कारण म्हणून मान्य केली, तर उशीर हुकमाचा होता हेही त्याबरोबर मान्य होतं. वेढ्यात काही शिपाई पळून गेले, काहींनी हातावर गोळी झाडून घेतली, हेही दडवण्याचं कारण नाही. पाच महिने कोंडलेल्या कुठल्याही फौजेत हे घडतं. आणि मांस आधी खाल्लं असतं तर कुत वाचलं असतं का? सन्नैयातचा शेवटचा हल्ला २२ एप्रिलला फसला, मागे पूर आणि पुढे उन्हाळा होता. कुत परत घेतलं गेलं ते फेब्रुवारी १९१७ मध्ये, जनरल मॉडनं, आणि तेही नव्या आगबोटी, नवे धक्के, आगगाडी आणि भरपूर तोफा हाताशी आल्यानंतर. घोड्याच्या मांसावर दहा महिने काढता आले नसते.

या वादात सहसा न दिसणारा, पण मला सगळ्यात बोलका वाटणारा पुरावा डॉक्टरांचा आहे. वेढ्यातले मुख्य वैद्यकीय अधिकारी पॅट्रिक हेहीर यांनी नोंदवलं, आणि पुढं आहारशास्त्राच्या इतिहासात ते उदाहरण म्हणून गाजलं, की एकाच गावात, एकाच वेढ्यात गोऱ्यांना एक रोग झाला आणि हिंदींना दुसरा. गोरे सैनिक पांढऱ्या मैद्याचा पाव खात होते. त्यांच्यात बेरीबेरी दिसू लागली, पाय सुजू लागले. हिंदी शिपाई कोंड्यासकट दळलेला आटा खात होता, त्याला बेरीबेरीनं शिवलं नाही. पुढे मैदा संपून गोऱ्यांनाही जव-आट्याचा पाव मिळू लागला आणि त्यांचा रोग ओसरला. उलट गोऱ्यांना घोड्याच्या ताज्या मांसानं स्कर्व्हीपासून वाचवलं, आणि मांस व भाजी दोन्ही न मिळालेल्या शिपायांच्या हिरड्या सुजून रक्ताळल्या, जुन्या जखमा पुन्हा उघड्या पडू लागल्या. शेकडोंनी स्कर्व्हीचे रुग्ण झाले. जीवनसत्त्वं हा शब्द तेव्हा नुकता जन्माला आला होता. शिपायाला आपल्याला काय कमी पडतंय हे बहुधा जिभेवरून कळत होतं, कारण तो मैदानात उगवणारं तण, गवत, पाला खुडून आणून शिजवून खाई. टाकळा, कुर्डू, पाथरी ओळखणाऱ्या माणसाला पाल्याची पारख होतीच, पण ती सह्याद्रीच्या उताराची, टायग्रिसच्या गाळाची नव्हे. त्यातून काही जणांना विषबाधाही झाली. विमानातून भाजीचं बी मागवलं गेलं, पेरलंही गेलं, पण उशिरा. विमानांनी चक्कीचे दगडसुद्धा आणले. मार्चच्या अखेरीस सत्तर पौंडांचं जातं छत्रीनं खाली सोडण्यात आलं, आणि एप्रिलच्या मध्यापासून विमानातून पीठ टाकणं सुरू झालं. वेढलेल्या फौजेला आकाशातून शिधा पुरवण्याचा जगातला हा पहिला मोठा प्रयत्न. त्यातली काही पोती नदीत, काही तुर्कांच्या खंदकात पडली, आणि जी मिळाली ती तेरा हजार तोंडांना पुरणारी नव्हतीच.

मांसाला पर्याय काय, हा प्रश्न डिसेंबरात कुणाच्या मनात का आला नाही? कारण शांततेच्या काळात शिपायानं काय खावं हे लष्कर पाहतच नव्हतं. महिना ११ रुपये पगारातून तो आपलं धान्य आपण घेई, आपल्या जातीच्या चुलीवर आपण शिजवी. सरकारनं याला शिपायाच्या धर्मभावनेचा आदर म्हटलं. पण हा आदर स्वस्तात पडत होता, हे विसरून चालणार नाही. मोहिमेवर सरकारी शिधा मिळे. त्यात आटा, डाळ, तूप, मीठ असे, आणि ताज्या भाजीची हमी कमजोर असे. भात आणि नाचणीवर वाढलेल्या कोकण्याला किंवा ज्वारीच्या भाकरीवर पोसलेल्या बेळगावकराला हे कसं मानवतं, किती पुरतं, न पुरल्यास काय होतं, याचा अभ्यास नव्हता. गोऱ्या सैनिकाचा आहार मात्र सरकारची जबाबदारी होती, आणि त्याच्या तक्त्यात मांस आणि भाजी दोन्ही होती. १९१७ मध्ये या मोहिमेची चौकशी करणाऱ्या मेसोपोटेमिया आयोगाचा अहवाल आला, भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेनला राजीनामा द्यावा लागला. तो अहवाल वाहतूक, इस्पितळं आणि औषधांची हेळसांड यांबद्दल कठोर आहे. घोड्याच्या मांसाची गोष्ट त्यानंतरही टिकली, कारण ती सांगायला सोपी होती आणि तिच्यात कुणा साहेबाचं नाव घ्यावं लागत नव्हतं.

शरणागतीच्या दिवशीची मोजदाद अशी आहे: २७७ गोरे अधिकारी, २०४ हिंदी अधिकारी, २,५९२ गोरे सैनिक, ६,९८८ हिंदी सैनिक आणि ३,२४८ बिनलढाऊ माणसं, म्हणजे भिस्ती, खेचरवाले, खानसामे, मोतद्दार, बहुतेक सगळे हिंदी. टाउनशेंडला इस्तंबूलजवळच्या एका बेटावर बंगला मिळाला. शिपायांना समारा, मोसूल, नुसैबीन असं उन्हातून हाकत नेलं आणि उरलेल्यांना रास-अल-ऐनला बगदाद रेल्वेच्या कामावर लावलं. गोऱ्या सैनिकांपैकी जवळपास ७० टक्के कैदेत मेले. हिंदी कैद्यांतले अडीच ते तीन हजार परतले नाहीत. हे प्रमाण गोऱ्यांपेक्षा कमी आहे, आणि त्यावरून हिंदींना सौम्य वागणूक मिळाली असा निष्कर्ष काढणारे आहेत. मुसलमान कैद्यांच्या बाबतीत तुर्कांचं धोरण काहीसं वेगळं होतं, त्यामुळे त्यात थोडं तथ्य असेल. पण उन्हात अनवाणी चालण्याची आणि मूठभर जवावर दिवस काढण्याची सवय कुणाला जास्त होती, हाही विचार करायला हवा.

बंगालीत या कैदेच्या नोंदी आहेत. रुग्णवाहक पथकातल्या शिशिर प्रसाद सर्वाधिकारी यांनी ‘अभी ले बगदाद’ लिहिलं, कैदेत वारलेल्या डॉक्टर कल्याणकुमार मुखर्जींची पत्रं त्यांच्या आजीनं पुस्तकात जपली. ती शिकलेली, वैद्यकीय कामातली माणसं होती. मराठा शिपाई पगाराच्या वहीवर अंगठा उठवणारा. त्याच्यामागे उरले ते दगड. कोकण आणि दक्षिण महाराष्ट्रातल्या अनेक गावांत आजही पाटी दिसते, या गावातून महायुद्धाला इतके गेले, इतके मेले. नाव नाही, ठिकाण नाही. बसऱ्याच्या स्मारकावरही साध्या हिंदी शिपायांची नावं कोरली गेली नाहीत, पलटणीखाली फक्त आकडा. सरकारची ही तऱ्हा, पण आपल्या बाजूचं विस्मरणही लहान नाही. कुतनं शरणागती दिली त्याच्या आदल्या दिवशी, २८ एप्रिल १९१६ ला, बेळगावात मुंबई प्रांतिक परिषद भरली होती आणि तिथं लोकमान्य टिळकांनी होमरूल लीगची स्थापना केली. बेळगावच्या नावाची ब्रिगेड नदीकाठी तोफा फोडत होती आणि बेळगावात स्वराज्याची मागणी बांधली जात होती. या दोन घटना एकाच इतिहासात बसवायला आपण कधी शिकलो नाही. पलटणीतला माणूस इंग्रजांचा चाकर ठरला आणि राष्ट्रीय कथेबाहेर गेला. पलटणीनं स्वतःही वेढा मागेच ठेवला. मराठा लाइट इन्फंट्री ४ फेब्रुवारी हा दिवस पाळते, तानाजीनं कोंढाणा घेतल्याचा. चढाई लक्षात राहते, टिकाव राहत नाही. पानिपताचंही तेच झालं. १४ जानेवारी १७६१ सगळ्यांना पाठ, पण त्याआधी दोन महिने रसद तुटून भाऊसाहेबांची छावणी उपाशी पडली होती आणि लढाई बरीचशी तिथंच हरली गेली होती, हे बखरकारांनी सांगूनही आपण पुढच्या पानावर जातो.

लष्करानं मात्र धडा घेतला, निदान कोठीपुरता. मेसोपोटेमियात १९१६ च्या उत्तरार्धातही हिंदी फौजांत स्कर्व्ही पसरत राहिला तेव्हा शिध्याचे तक्ते बदलले गेले, भाजी आणि ताज्या मांसाची तरतूद वाढली. १९१७ पासून हिंदी शिपायाला शांततेच्या काळातही सरकारी खर्चानं शिधा मिळू लागला. ११७ व्या पलटणीला १९२१ मध्ये ‘रॉयल’ किताब मिळाला, आणि पुढच्या वर्षी सगळ्या मराठा पलटणी एका रेजिमेंटमध्ये आल्या, तिचं प्रशिक्षण केंद्र बेळगावला बसलं. तिथं भरती होणाऱ्या रंगरुटाच्या थाळीत काय पडावं हे तेव्हापासून सरकार ठरवतं, आणि पैसेही सरकारच देतं.